गाणाऱ्याच्या वाट्याला

एप्रिलमधली रात्र होती. वर्ध्याकडचा उन्हाळा ज्यांनी सोसलाय त्यांना सांगायला नको. रात्री नऊलाही भिंतीला हात लावला तर चटका बसतो. बोरगाव मेघेतल्या आमच्या वस्तीतल्या पोरांनी समाजमंदिराच्या भिंतीवर दोन पांढऱ्या चादरी एकमेकींना टाचून पडदा केला होता. प्रोजेक्टर कुणाकडून तरी मागून आणलेला, स्पीकर जयंतीच्या मिरवणुकीतला. दाखवायचा होता आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’. जवळजवळ सव्वातीन तासांचा माहितीपट. मी पोरांना म्हटलं होतं, अर्धा तास दाखवा, लोक कंटाळतील. माझा अंदाज साफ चुकला. बाया लेकरं मांडीवर निजवून शेवटपर्यंत बसून राहिल्या.

पुढच्या रांगेत आमच्या गल्लीतले काकाजी होते. आयुष्यभर जिनिंगमध्ये हमाली केली आणि पन्नासेक वर्षं गुरुदेव सेवा मंडळाच्या भजनात खंजिरी वाजवली. सिनेमा संपला, चादरी उतरल्या, पोरं वायर गुंडाळायला लागली, तरी ते जागचे हलले नाहीत. मी जवळ गेलो तेव्हा म्हणाले, “मास्तर, हा मानूस गायला अन् मेला. त्याचं गानं आपन इथं बसून पायलं. पन त्याले काय भेटलं?”

त्यांना ‘तो माणूस’ म्हणजे त्या माहितीपटातला गायक विलास घोगरे अभिप्रेत होता. मला त्या रात्री उत्तर देता आलं नाही. हा लेख त्या प्रश्नापायी लिहितो आहे.

चळवळीत गाणाऱ्या, चळवळीचे चित्रपट करणाऱ्या माणसांबद्दल लिहिताना आपण सहज ‘कारकीर्द’ असा शब्द वापरतो. कारकिर्दीला चढण असते, बढती असते, शेवटी निवृत्ती आणि निवृत्तिवेतन असतं. शाहिराला यातलं काही नसतं. त्याच्यासाठी आपल्या भाषेत दुसरा शब्द आहे, हयात. अमक्याने हयात घालवली, असं आपण म्हणतो आणि त्यात ‘घालवली’ हे क्रियापद किती खरं आहे, तिकडे लक्ष देत नाही.

आमच्या भागात गाणं आणि लोककार्य यांचं नातं नव्याने सांगावं लागत नाही. सेवाग्राम इथून सायकलने पाऊण तासावर. 1936 साली गांधीजींच्या बोलावण्यावरून तुकडोजी महाराज तिथे येऊन महिनाभर राहिले. तेव्हा गावाचं नाव शेगावच होतं. महाराज 1909 चे, अमरावती जिल्ह्यातल्या यावलीचे, शिंप्याच्या घरातले. हातात खंजिरी. खंजिरी म्हणजे काय, तर वीतभर लाकडी कडं, एका तोंडावर ताणलेलं चामडं, कड्याच्या खाचांत बसवलेल्या चकत्या. पावसाळ्यात चामडं सैल पडतं, आवाज बसतो. काकाजी ती चुलीच्या धगीवर फिरवून फिरवून तापवतात, अंगठ्याने टिचकी मारून पाहतात, पुन्हा तापवतात. जास्त तापली तर चामडं फाटतं. एवढंसं वाद्य, पिशवीत मावणारं, पायी नेता येणारं. त्याच्या जोरावर महाराजांनी विदर्भातली गावंच्या गावं जागी केली. 1942 च्या ऑगस्टमध्ये आमच्याच जिल्ह्यातल्या आष्टीला आणि तिकडे चिमूरला लोक इंग्रजी सत्तेवर चालून गेले, गोळीबार झाले, माणसं मेली. सरकारने महाराजांना धरलं आणि नागपूर, रायपूरच्या तुरुंगात ठेवलं. भजन म्हणणाऱ्याला तुरुंगात टाकण्याची ही रीत पुढे स्वराज्यातही चालू राहिली, तिच्याकडे मी येणारच आहे.

महाराजांच्या बाबतीत एक गोष्ट घडली, ती इतरांच्या बाबतीत घडली नाही. त्यांच्यामागे मोझरीचं गुरुकुंज उभं राहिलं, गावोगाव गुरुदेव सेवा मंडळं उभी राहिली. गाणं एकट्याच्या गळ्यावर राहिलं नाही. भजन संपल्यावर गाणारा कुठे जेवेल, कुठे निजेल, आजारी पडला तर कोण बघेल, याची व्यवस्था गावाने आपली मानली. काकाजींना पन्नास वर्षांत भजनाचा एक रुपया मिळाला नाही. पण ते कधी उपाशीही निजले नाहीत आणि मंडळ त्यांच्या दारात येत राहिलं. शाहिराला असं मंडळ नव्हतं.

सत्यशोधकांचे जलसे, नंतर भीमराव कर्डकांसारख्यांचे आंबेडकरी जलसे, 1944 साली अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी उभं केलेलं लाल बावटा कला पथक, सेवा दलाची कलापथकं, ही परंपरा वाचकांना ठाऊक आहे. मला तिच्यातलं एकच वर्ष पुन्हा समोर ठेवायचं आहे, 1969. त्या वर्षी 18 जुलैला अण्णा भाऊ गेले आणि सहा आठवड्यांनी, 29 ऑगस्टला, अमर शेख अपघातात गेले. मुंबईचा गिरणगाव आणि संयुक्त महाराष्ट्राची चळवळ ज्यांच्या आवाजावर उभी राहिली असे दोघे जण. अण्णा भाऊंच्या कादंबऱ्यांवर चित्रपट निघाले, ‘वैजयंता’ निघाला, ‘फकिरा’ निघाला. रशियात त्यांना मान मिळाला. आणि त्यांची हयातीतली कितीतरी वर्षं घाटकोपरच्या चिराग नगरातल्या झोपडीत गेली, शेवट हलाखीत झाला. आज त्यांचे पुतळे आहेत, त्यांच्या नावाचं महामंडळ आहे. काकाजींचा प्रश्न तिथेही लागू आहे.

आता कॅमेऱ्याकडे वळतो. तोही आमच्या मातीत फार लवकर आला. कनू गांधी हा गांधीजींचा नातलग पोरगा सेवाग्रामात राहत होता आणि त्याला फोटो काढायची हौस लागली. घनश्यामदास बिर्लांनी दिलेल्या 100 रुपयांतून कॅमेरा आला. गांधीजींनी परवानगी दिली, पण तीन अटी घातल्या: झगझगीत उजेड पाडायचा नाही, कुणाला उभं राहा, बसा म्हणून सांगायचं नाही आणि आश्रमाचा पैसा यात घालायचा नाही. या अटींवर मी पुष्कळ विचार केला आहे. पहिल्या दोन अटी समोरच्या माणसाच्या मानाच्या आहेत: त्याचे डोळे दिपवू नकोस, त्याला नाचवू नकोस. तिसरी हिशेबाची आहे. गाण्याचा खर्च दिसत नाही; कॅमेऱ्याचा दिसतो, आणि तो खर्च कुणाच्या खिशातून येतो त्यावर चित्र कुणाचं हे ठरतं. लोकांच्या लढ्यांचे माहितीपट करणाऱ्या प्रत्येकाला पुढे या तीन अटींशी झगडावं लागलं आहे. माझ्या मते त्यातला महाराष्ट्रातला सगळ्यात प्रामाणिक झगडा पटवर्धनांचा आहे.

आनंद पटवर्धन 1950 साली मुंबईत जन्मले. राव आणि अच्युत पटवर्धन हे स्वातंत्र्यलढ्यातले बंधू त्यांचे काका. शिक्षण एल्फिन्स्टन कॉलेजात, मग शिष्यवृत्तीवर अमेरिकेत. तिथे व्हिएतनाम युद्धाच्या विरोधात रस्त्यावर उतरले, सीझर चावेझ यांच्या शेतमजुरांच्या संघटनेत कार्यकर्ता म्हणून राबले. परत आले ते मध्य प्रदेशातल्या होशंगाबादकडच्या किशोर भारती या ग्रामीण शिक्षणाच्या प्रकल्पात. तिथून 1974 मध्ये बिहारला, जयप्रकाशांच्या आंदोलनात. पहिला माहितीपट ‘क्रांती की तरंगें’ तिथला. मागून आणलेला छोटा कॅमेरा, 8 मिमीची घरगुती फिल्म. ती पडद्यावर पाडायची आणि पडद्यावरून पुन्हा 16 मिमीवर टिपायची, असा खटाटोप करून चित्रपट झाला. तोवर आणीबाणी आली. मग फिल्मचे तुकडे करून ते वेगवेगळ्या मार्गांनी देशाबाहेर पाठवले गेले आणि बाहेर जोडले गेले.

हे सगळं पराक्रमासारखं वाटतं आणि आहेही. पण मला त्यांच्या कामातला दुसरा, कमी चमकदार भाग जास्त मोलाचा वाटतो: त्यांची न्यायालयातली हजेरी. चित्रपट काढायचा, सेन्सॉर बोर्डाशी भांडायचं, राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तर दूरदर्शनकडे तो दाखवा म्हणून मागणी करायची, नकार आला की न्यायालयात जायचं. ‘हमारा शहर’च्या वेळी हेच, ‘राम के नाम’च्या वेळी हेच. ‘जंग और अमन’मध्ये बोर्डाने 21 ठिकाणी कात्री सुचवली; 2003 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो चित्रपट एकही काट न घेता मोकळा केला. वर्षानुवर्षं तारखांना उभं राहणं ही लढ्यातली सगळ्यात कंटाळवाणी पाळी, आणि त्यांनी ती चुकवली नाही. आज कुणी तरुण आपला माहितीपट घेऊन बोर्डापुढे उभा राहतो, तेव्हा या निकालांचा आधार त्याच्या पाठीशी असतो.

‘हमारा शहर’ 1985 चा. मुंबईतल्या झोपडपट्ट्या पाडल्या जात होत्या, त्यावरचा. त्यात एक प्रसंग आहे. घर पाडलेली एक बाई कॅमेऱ्यामागच्या माणसालाच धारेवर धरते. आमचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आम्हाला काय, असा तिचा रोख. कुठल्याही संकलकाने हा तुकडा काढून टाकला असता. पटवर्धनांनी ठेवला. काकाजींचा प्रश्न तो हाच. चाळीस वर्षांपूर्वी फुटपाथवरच्या एका बाईने तो विचारला आणि तो चित्रपटातच नोंदलेला आहे.

त्याच चित्रपटात विलास घोगरे गातो. मुंबईतल्या कष्टकऱ्यांचा, झोपडीत राहणारा कवी-गायक, आव्हान नाट्य मंचाशी जोडलेला. मार्क्सवादी वळणाचा तो मंच; संभाजी भगत हेही त्याच मुशीतले. विलासचा आवाज एकदा ऐकला की विसरत नाही. मैफलीतल्या गायकासारखा तो सुरावर बसत नाही. एखादी बातमी सांगायला धापा टाकत आलेल्या माणसासारखा तो शब्दाला पुढे ढकलतो. पटवर्धन आणि विलास यांची ओळख झाली, वाढली.

11 जुलै 1997 ला पहाटे घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. वस्ती रस्त्यावर आली. राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला, 10 माणसं गेली. काही गोळ्या तर वस्तीच्या आत लागल्या. घोगरे तिथे गेला, त्याने ते पाहिलं आणि चारपाच दिवसांत आपल्या घरात गळफास घेतला. मरताना त्याच्या डोक्याला निळी पट्टी बांधलेली होती.

त्या निळ्या पट्टीवर पटवर्धन 14 वर्षं अडून राहिले. डाव्या चळवळीत वाढलेल्या या गायकाने जाताना निळा रंग का निवडला? ‘जय भीम कॉम्रेड’ हा नावापासूनच त्या प्रश्नाचा चित्रपट आहे. तो 2011 मध्ये पूर्ण झाला. मधल्या काळात त्यात रमाबाई नगरच्या गोळीबाराचा खटला आला. गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्याला 2009 मध्ये जन्मठेप झाली आणि मग जामीनही मिळाला. खैरलांजीचं हत्याकांड आलं. आंबेडकरी गाण्याचा वस्तीवस्तीतला सगळा पसारा आला: कव्वाल, जलसेकरी, लग्नात गाणाऱ्या बाया. आणि विलासच्या शेवटच्या दिवसांची बोचरी हकिगतही आली. ज्या गटासाठी तो गायला, त्या गटाशीच त्याचं फाटलेलं होतं. चळवळीची शिस्त एका बाजूला आणि घरातली चूल दुसऱ्या बाजूला, या ओढाताणीत तो एकटा पडला होता. हा भाग पाहताना आमच्या चादरीसमोर बसलेली माणसं एकदम गप्प झाली. पोलिसांच्या गोळीचा राग सगळ्यांना येतो. आपल्याच माणसांनी गाणाऱ्याला एकटं सोडलं, हे ऐकताना मान खाली जाते.

मला इथे स्पष्ट बोलायचं आहे. डाव्या आणि आंबेडकरी, दोन्ही चळवळींनी कलावंताला प्रचाराचं साधन मानलं. सभेआधी गर्दी जमवायला शाहीर, नेता आला की शाहीर बाजूला. भाषणाला दीड तास, गाण्याला दहा मिनिटं, तेही ‘नेते वाटेत आहेत, तोवर’ म्हणून. प्रवासखर्च दिला तर दिला. गायकाने पोटासाठी दुसऱ्या मांडवात गायलं की तो विकला गेला, असा शिक्का. मी स्वतः तरुणपणी अशा सभांच्या आयोजनात होतो. आमच्या सभेत गायला आलेल्या मंडळींना आम्ही रात्री एकला बसस्थानकावर सोडून आलो होतो, पहाटेच्या गाडीसाठी. आमच्या हिशेबाच्या वहीत मांडवाचा खर्च होता, लाऊडस्पीकरचा होता, हारांचा होता. त्यांच्या नावाने ओळच नव्हती. ती वही अजून माझ्याकडे आहे.

कॅमेरा मात्र विलाससाठी परत आला. उशिरा आला, तो गेल्यावर आला, पण आला. त्याच्या ध्वनिमुद्रित गाण्यांना, त्याच्या चेहऱ्याला, त्याच्या वस्तीला त्याने एका धाग्यात ओवलं. 2012 च्या जानेवारीत ‘जय भीम कॉम्रेड’चा पहिला जाहीर खेळ झाला तो वातानुकूलित सभागृहात नाही, भायखळ्याच्या बीआयटी चाळीच्या आवारात, उघड्यावर. ज्यांच्याविषयी आहे त्यांना आधी दाखवायचा, हा पटवर्धनांचा जुना शिरस्ता. आमच्या बोरगावच्या चादरी त्याच चालीवर टाचल्या गेल्या, पोरांना ते माहीत नसलं तरी.

संगीत आणि चित्रपट हे दोन मार्ग पटवर्धनांच्या कामात एकमेकांना सारखे येऊन मिळतात. दया पवारांचे शब्द आणि संभाजी भगतांचा आवाज घेऊन त्यांनी 1996 मध्ये ‘वुई आर नॉट युवर मंकीज’ हा पाचेक मिनिटांचा गाणंपट केला. रामायणाकडे दलित नजरेने पाहणारा. त्याच वर्षाच्या डिसेंबरात दया पवार गेले. नर्मदेवर, अणुचाचण्यांवर, जिथे म्हणून ते गेले तिथे लोकांच्या तोंडची गाणी त्यांनी पूर्ण घेतली, पार्श्वसंगीत म्हणून कापली नाहीत. हा फरक लहान नाही. बातमीच्या वाहिनीवर गाणं आलं की त्यावर निवेदकाचा आवाज चढतो. यांच्या चित्रपटात गाणं सुरू झालं की बाकी सगळे गप्प बसतात.

पण हिशेब पुरा करायचा तर दुसरी बाजूही मांडली पाहिजे. ‘जय भीम कॉम्रेड’च्या उत्तरार्धात पुण्याचा कबीर कला मंच येतो. 2002 च्या गुजरात दंगलींनंतर उभा राहिलेला तरुणांचा गट. शीतल साठे, सचिन माळी, सागर गोरखे, रमेश गायचोर, दीपक डेंगळे. शीतलच्या आवाजाला धार आहे, आणि पडद्यावर ती गायला लागली तेव्हा आमच्या वस्तीतल्या पोरी सरसावून बसल्या. चित्रपट पूर्ण होत होता त्याच सुमारास मंचाच्या लोकांवर नक्षलवादी म्हणून दहशतवादविरोधी कायद्याखाली गुन्हे दाखल झाले. काहींना अटक झाली, बाकीचे भूमिगत झाले. म्हणजे चित्र असं होतं: चित्रपटाला शासनाचा पुरस्कार आणि चित्रपटात गाणाऱ्यांच्या मागे शासनाचे पोलीस.

हे घडलं त्यात पटवर्धनांचा दोष नाही. मात्र ते का घडू शकलं याचा विचार केला पाहिजे. कॅमेऱ्यामागच्या माणसाचं आडनाव, त्याची इंग्रजी, त्याची वकिलांशी ओळख, जगभरच्या महोत्सवांतलं त्याचं नाव, हे सगळं त्याच्याभोवती कवच होऊन उभं राहतं. त्याला सेन्सॉर बोर्ड अडवतं, प्रदर्शनं बंद पाडली जातात, धमक्या येतात. हे सगळं खरं आहे आणि त्याने ते सोसलं आहे. पण तो न्यायालयात अर्जदार म्हणून जातो. झोपडीतून आलेला गायक त्याच न्यायालयात आरोपी म्हणून जातो. दोघांचं म्हणणं एकच, सूरही एकच, आणि व्यवस्था दोघांना वेगवेगळ्या दारांतून आत घेते. जातीचा अर्थ मला वर्गात पोरांना समजावून सांगता येत नसे, तेव्हा हे उदाहरण माझ्याजवळ असतं तर बरं झालं असतं.

पटवर्धनांना हे दिसत होतं याचा पुरावा त्यांच्या कृतीत आहे. राज्य सरकारच्या पुरस्काराची रक्कम त्यांनी कबीर कला मंचाच्या बचावासाठी दिली आणि बचाव समिती उभी करण्यात पुढाकार घेतला. 2 एप्रिल 2013 ला शीतल साठे आणि सचिन माळी मुंबईत विधानभवनासमोर उघडपणे हजर झाले. आम्ही शरण आलो नाही, हा सत्याग्रह आहे, अशी त्यांची भूमिका होती. शीतल तेव्हा गरोदर होती. तिला त्या जूनमध्ये उच्च न्यायालयातून जामीन मिळाला. सचिन माळी, गोरखे आणि गायचोर यांना जामीन मिळायला 2017 चा जानेवारी उजाडला, तोही सर्वोच्च न्यायालयातून. जवळजवळ चार वर्षं. गोरखे आणि गायचोर यांना 2020 मध्ये एल्गार परिषदेच्या प्रकरणात पुन्हा अटक झाली. 1942 मध्ये खंजिरीला घाबरणारं सरकार परकं होतं, असं आपण मुलांना शिकवतो.

हे सगळं जणू ठाऊक असल्यासारखा एक कथापट 2014 मध्ये आला, चैतन्य ताम्हाणेंचा ‘कोर्ट’. नारायण कांबळे नावाचा म्हातारा लोकशाहीर. त्याचं गाणं ऐकून एका गटार साफ करणाऱ्या कामगाराने जीव दिला, असा आरोप ठेवून त्याला अटक होते. पुढे तारखांवर तारखा. व्हेनिसच्या महोत्सवात चित्रपटाला पारितोषिक मिळालं, इथे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. त्यातली गाणी संभाजी भगतांची. आणि नारायण कांबळे झाले आमच्या नागपूरचे वीरा साथीदार.

साथीदार नट नव्हते. ‘विद्रोही’ मासिकाचे संपादक, कार्यकर्ते, गाणारे, वस्तीत राहणारे. ज्या माणसाने आयुष्यभर पोलिसांची नजर पाठीवर बाळगली, त्याला कॅमेऱ्यासमोर आरोपीच्या पिंजऱ्यात उभं राहायला शिकवावं लागलं नसणार. त्यांचं ते बसणं पाहा, न्यायाधीश बोलत असताना समोर शून्यात बघणं पाहा. संवाद जवळजवळ नाहीत. तारखा ऐकून ऐकून शिणलेला माणूस कसा बसतो, ते तिथे दिसतं. चित्रपट ऑस्करला भारताकडून गेला. साथीदार नागपुरात होते तसेच राहिले, सभा आणि मासिक चालू ठेवलं. 13 एप्रिल 2021 ला, भीमजयंतीच्या आदल्या दिवशी, नागपुरात कोविडने ते गेले. रुग्णालयांत खाटा नव्हत्या, ते दिवस विदर्भ विसरणार नाही. मिरवणूक निघण्याचा प्रश्नच नव्हता.

आपल्याकडचे माहितीपट, कथापट आणि शाहिरी यांची ही गुंफण सांगताना मी एका गोष्टीकडे सारखा परत येतो आहे. गाणं गळ्यात राहतं, म्हणून ते फुकट समजलं जातं. चित्रपटाचा खर्च कागदावर लिहावा लागतो: फिल्म, संकलन, प्रत, प्रवास. गाण्याचा खर्च कुठेच लिहिला जात नाही. तो गायकाच्या घरातून जातो. मुलाच्या शाळेतून जातो, बायकोच्या मजुरीतून जातो, छातीतून जातो. विदर्भातल्या ज्या 6 जिल्ह्यांना 2006 मध्ये शेतकरी आत्महत्यांमुळे पंतप्रधानांचं पॅकेज मिळालं, त्यात वर्धा होता. त्या वर्षांत आमच्याकडे कॅमेरे खूप आले. काही चांगले माहितीपट झाले, देशाला कापसाच्या पट्ट्यातलं मरण दिसलं. त्याच वर्षांत गावोगावची भजनी मंडळं ‘जीव देऊ नको’ म्हणून रात्ररात्र गात होती. त्यांची कुठे नोंद आहे? माझ्या पाहण्यात नाही.

आता परिस्थिती एका बाजूने सोपी झाली आहे. पटवर्धनांना 1974 मध्ये जो खटाटोप करावा लागला, तो आज बोरगावचं शाळकरी पोरगंही खिशातल्या फोनवर करू शकतं. कॅमेरा खंजिरीइतका हलका झाला. गांधीजींची तिसरी अट आपोआप सुटली. पहिल्या दोन अजून उभ्या आहेत, आणि चौथी मी माझ्या पदरची जोडतो: ज्याचं घेतलं त्याचं नाव लिहायचं. आज आंबेडकरी गाणी, भजनं, पोवाडे फोनवरून फोनवर फिरतात, लाखो लोक ऐकतात आणि खाली नाव असतं ते चढवणाऱ्याचं.

त्या रात्रीनंतर आठवड्याभराने मी काकाजींच्या घरी गेलो, सोबत पडदा लावणाऱ्यांपैकी दोन पोरं. पोरांनी फोन तिपाईवर ठेवला. काकाजींनी खंजिरी तापवायला घेतली. पोरगं म्हणालं, “काकाजी, तुमी बसा, थोडं इकडे सरका, उजेड येऊ द्या.” काकाजी म्हणाले, “मी काहून सरकू? तूच सरक ना बाप्पा.” मग पोरगं सरकलं. काकाजींनी चार भजनं म्हटली. तीन सगळ्यांना ठाऊक असलेली. चौथं त्यांचं स्वतःचं, जिनिंगमधला एक हमाल कापसाच्या गाठीखाली दबून मेला त्यावर रचलेलं. ते त्यांनी पन्नास वर्षांत मंडळात एकदाही म्हटलं नव्हतं. का, म्हणून विचारलं तर म्हणाले, “कोनी म्हना म्हटलंच नाही.”

त्या गाण्याखाली आम्ही त्यांचं नाव, गाव, रचल्याचं वर्ष आणि मेलेल्या हमालाचं नाव लिहून ठेवलं आहे. काकाजींच्या सांगण्यावरून ते अजून कुठे पाठवलेलं नाही. हमालाच्या घरच्यांनी आधी ऐकावं, असं त्यांचं म्हणणं.

तुमच्या गावातही असा कोणी असेल. या दिवाळीत त्याच्या घरी जा. गाणं ऐका, वहीत नाव-गाव-साल लिहा, आणि पुढच्या कार्यक्रमाला त्याला बोलवाल तेव्हा मांडव आणि लाऊडस्पीकरच्या ओळींच्या वर, सगळ्यात आधी, त्याच्या मानधनाची ओळ लिहा. ते पैसे त्याच रात्री, गाडीत बसवण्याआधी, त्याच्या हातात द्या.